मला तिथे तीन दिसला

पहिलं पान सगळ्यांना वाचता येतं. त्यावर १२ असतो. काय करायचं ते समोरच्याला कळावं आणि दिसत असूनही 'दिसत नाही' म्हणणारा पकडला जावा, म्हणून ते पान तसं ठेवलेलं आहे. मी खणखणीत आवाजात म्हणालो, "बारा."

दुसऱ्या पानावर म्हणालो, "तीन." तिसऱ्यावर, "पाच." चौथ्यावर, "सत्तर." समोरच्या डॉक्टरांनी मान वर केली नाही, नुसती पानं उलटत राहिले. मग बरीच पानं अशी आली की मला ठिपक्यांशिवाय काही दिसेना. मागे रांगेत चाळीसेक पोरं बनियन-चड्डीवर उभी होती. मी गप्प. आणि मग एका पानावर एकदम ४५ दिसला. अंधुक, पण दिसला. माझ्या जिवात जीव आला. म्हटलं, चला, एक तरी जमलं. मी जवळजवळ ओरडलोच, "पंचेचाळीस!"

ज्याची रंगांची नजर नीट आहे त्याला त्या पानावर काहीच वाचता येत नाही, हे मला फार उशिरा कळलं. ते पान माझ्यासारख्यांसाठीच बनवलेलं आहे.

सगळं मिळून तीन मिनिटं लागली असतील. त्याआधी तीन वर्षं गेली होती. मी करडीचा. तालुका मोहाडी, जिल्हा भंडारा. आमच्याकडे बारावी झालेला पोरगा दोनच गोष्टी करतो: धानाच्या बांधीत उतरतो किंवा 'भरती मारतो'. मी पहाटे चारला उठून गावाबाहेरच्या डांबरी रस्त्यावर सोळाशे मीटर पळायचो. भंडाऱ्याला खोली करून राहिलो, क्लास लावला. बाबांनी एका वर्षाचं धान विकून त्याची फी भरली. मैदान निघालं, लेखी निघाली, यादीत नाव आलं, घरी पेढे वाटून झाले. आणि मग ते पुस्तक आलं. कागदावर दोन शब्द पडले: रंगदृष्टी सदोष, अनफिट.

भरती कोणती होती ते सांगत नाही. त्याने काही फरक पडत नाही, कारण ही गोष्ट माझ्या एकट्याची नाही. फेरतपासणीचा अर्ज केला. फेरतपासणीत पुन्हा तेच पुस्तक समोर आलं. पुन्हा तीन, पाच, सत्तर.

तर आज मला भांडायचं आहे. पण पुस्तकाशी नाही. पुस्तक फार हुशारीने बनवलेलं आहे, आणि ते माझ्याबद्दल खोटं बोललं नाही. माझं भांडण आहे ते त्या पुस्तकाकडून नको ते काम करून घेणाऱ्यांशी.

पुस्तक काय करतं

शिनोबु इशिहारा नावाच्या जपानी नेत्रतज्ज्ञाने ते बनवलं. लष्करात भरती होणाऱ्यांची रंगदृष्टी तपासायला झटपट काहीतरी हवं होतं. त्यांची पानं १९१७ मध्ये छापून आली आणि शंभर वर्षांहून जास्त काळ जगभर चालली. पूर्ण संचात ३८ पानं असतात. छोटे संच २४ आणि १४ पानांचे.

युक्ती समजून घ्या, कारण सगळं त्या युक्तीत आहे. समजा एका रंगाच्या कागदावर दुसऱ्या रंगात ठळक आकडा छापला. तो मीही वाचेन. रंग नाही कळला तरी एक भाग फिका आणि एक गडद दिसेल, मधली कडा दिसेल, आणि तेवढ्यावर काम भागेल. माझ्यासारखी माणसं आयुष्यभर हेच करतात. आई लाल मिरच्या तोडून आण म्हणायची, तेव्हा मी रंगाने नाही, सालीवरच्या चमकेने आणि सुरकुतीने ओळखायचो. धान कापायला आलं की नाही, हे मी आजही दाणा दाताखाली धरून सांगतो.

इशिहारांनी नेमक्या याच पळवाटा बंद केल्या. सलग रंगाऐवजी ठिपके घेतले, म्हणजे कडा गेली. ठिपके लहानमोठे केले, म्हणजे आकारावरून काही कळेना. प्रत्येक ठिपका कमीजास्त उजळ केला, म्हणजे फिका-गडद हा आधारही गेला. उरला फक्त रंग. आकड्याचे ठिपके आणि भोवतालचे ठिपके असे निवडले की ज्याला लाल-हिरव्यातला फरक कळतो त्याला आकडा उठून दिसावा आणि ज्याला कळत नाही त्याला सगळं एकाच रानासारखं दिसावं.

त्यातही पानांचे प्रकार आहेत. काही पानांवर आकडा आमच्यापुरता गायब होतो. काहींवर तो बदलतो: तुम्हाला ८ दिसतो तिथे मला ३, तुम्हाला ६ तिथे मला ५, तुम्हाला २९ तिथे मला ७०. काहींवर उलटा खेळ आहे. तिथे लाल-हिरव्याचा फरक हाच अडथळा म्हणून पसरलेला असतो. तुमचे डोळे त्यात अडकतात, आमच्यातल्या काहींना तो अडथळा दिसतच नाही, म्हणून मागचा आकडा दिसतो. माझा ४५ त्यातला. आणि शेवटी २६, ४२, ३५, ९६ असे दोन-दोन अंक असलेली पानं आहेत. त्यातला कुठला अंक बुडतो त्यावरून दोष लाल ग्रहण करणाऱ्या पेशींचा की हिरवं ग्रहण करणाऱ्या पेशींचा, याचा अंदाज बांधतात.

पुस्तकासोबत सूचनाही असतात. उजेड दिवसाचा हवा. पान ७५ सेंटिमीटरवर, नजरेला काटकोनात. उत्तराला तीन सेकंद. पुस्तक वापर नसताना मिटून ठेवायचं, कारण उन्हाने रंग उडतात. ३८ पानांच्या संचात पहिल्या २१ पैकी १७ किंवा जास्त बरोबर आली तर नजर नॉर्मल, १३ किंवा कमी आली तर सदोष. माझी तपासणी एका हॉलमध्ये झाली. खिडकी बंद होती, वर पिवळा बल्ब होता आणि पानांच्या कडा बोटांनी काळ्या पडल्या होत्या. चांगल्या उजेडात मी पास झालो असतो असं माझं म्हणणं नाही. नंतर मी नीट उजेडात पाहिलं, तिथेही तीनच दिसला. पण एखाद्याचा फैसला करणारं साधन तरी सूचनेप्रमाणे वापरा, एवढी अपेक्षा चूक आहे का?

पुस्तक काय सांगत नाही

डोळ्याच्या पडद्यावर रंग टिपणाऱ्या तीन प्रकारच्या शंकूपेशी असतात. त्यातल्या दोन प्रकारांची जनुकं एक्स गुणसूत्रावर शेजारी-शेजारी बसलेली आहेत. पुरुषाकडे एक्स एकच, तो आईकडून आलेला. त्यात गडबड असेल तर भरपाई करायला दुसरा नाही. म्हणून हा दोष मुलग्यांत जास्त. उत्तर युरोपीय वंशाच्या पुरुषांत १०० मागे सुमारे ८, बायकांत २०० मागे साधारण १. भारतात प्रमाण त्याहून कमी आढळतं, पण मुलांनी भरलेल्या मोठ्या वर्गात एखादा तरी निघावा इतकं ते आहेच.

माझ्याकडे हा दोष मायच्या बापाकडून आला असणार. आजा एकदा तुमसरच्या बाजारातून आजीसाठी हिरवं लुगडं म्हणून तपकिरी घेऊन आला होता. घरात त्याच्यावर वर्षानुवर्षं हसले. "तुझ्या आज्याले रंगच समजे नाही," आजी सांगायची. आज्याने त्याच नजरेने पन्नास वर्षं शेती केली. त्याला कोणी अनफिट म्हटलं नाही, कारण कोणी विचारलंच नाही.

आता मुद्दा. हा दोष एकसारखा नसतो. काहींची एका प्रकारची शंकूपेशी कामच करत नाही. काहींची काम करते, पण तिची संवेदना शेजारच्या पेशीच्या फार जवळ सरकलेली असते. यातही थोडी सरकलेली आणि खूप सरकलेली असे कितीतरी टप्पे. सौम्य दोष असलेल्याला रस्त्यावरचा सिग्नल, पिकलेला टोमॅटो, विजेच्या वायरी असं सगळं नीट ओळखता येऊ शकतं. तरी तोही इशिहाराच्या पुस्तकात जवळजवळ माझ्याइतकाच नापास होऊ शकतो. कारण हे पुस्तक फार संवेदनशील आहे, आणि दोष आहे की नाही एवढंच ते नीट सांगतं. किती आहे, ते नीट सांगत नाही. निळ्या-पिवळ्याचा दुर्मीळ दोष तर ते पकडतच नाही.

किती आहे ते सांगणारी साधनं वेगळी आहेत. अनोमॅलोस्कोप नावाचं एक यंत्र असतं. नळीतून पाहिलं की एक वर्तुळ दिसतं. अर्ध्या भागात पिवळा प्रकाश, उरलेल्या अर्ध्यात लाल आणि हिरव्याचं मिश्रण. चकती फिरवत दोन्ही अर्धे सारखे करायचे. कुणाला किती लाल आणि किती हिरवं घातल्यावर सारखं वाटतं, त्यावरून दोषाचा प्रकार आणि मात्रा कळते. यामागची कल्पना लॉर्ड रॅली यांनी १८८१ मध्ये मांडली होती. दुसरं साधन म्हणजे कंदील चाचणी. अंधारात ठरावीक अंतरावरून लाल, हिरवे, पांढरे छोटे दिवे दाखवायचे आणि रंग विचारायचा. ती पानांपेक्षा प्रत्यक्ष कामाच्या जास्त जवळ जाते.

म्हणजे पुस्तक ही चाळणी आहे. आमच्याकडे धान चाळतात, तेव्हा चाळणीवर अडकलेलं सगळं उकिरड्यावर फेकत नाहीत, पुन्हा निवडतात. भरतीत मात्र चाळणी आणि न्यायालय एकच झालं आहे.

या गोंधळाचं सगळ्यात ठळक उदाहरण सरकारच्याच नियमात आहे. जून २०२० मध्ये केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाने मोटार वाहन नियमांतले फॉर्म १ आणि १-ए बदलले. सौम्य आणि मध्यम रंगदोष असलेल्यांना वाहन परवान्याचा रस्ता मोकळा झाला, तीव्र दोष असलेल्यांना नाही. निर्णय चांगला आहे. पण सौम्य, मध्यम आणि तीव्र हे ठरवणार कशावर? तालुक्याच्या गावी ज्या डॉक्टरकडून दाखला आणायचा, त्याच्याकडे फार तर ते ठिपक्यांचं पुस्तक असतं. मात्रा मोजायचं यंत्र मी आमच्या जिल्ह्यात अजून पाहिलेलं नाही.

"मग काय रेल्वे चालवायला देऊ?"

हा प्रश्न मला प्रत्येक वेळी विचारला जातो. माझं उत्तर सरळ आहे: मला देऊ नका. मी लोको पायलट होऊ नये. रात्री पावसात दूरचा दिवा लाल की हिरवा, हे मला ठामपणे सांगता येणार नाही, आणि माझ्या मागे हजार माणसं झोपलेली असतील. तिथे हक्काची भाषा करणं बेजबाबदारपणा आहे.

रंगदृष्टीची तपासणी जगात रुजली ती रेल्वेमुळेच. १८७५ मध्ये स्वीडनमध्ये लागरलुंडा इथे दोन गाड्यांची टक्कर होऊन नऊ माणसं गेली. फ्रितियॉफ होल्मग्रेन या शास्त्रज्ञाने या अपघातामागे रंगदोष असावा असा संशय मांडला आणि रंगीत लोकरीच्या लडी जुळवायला लावणारी चाचणी आणली. त्या अपघाताचं खरं कारण रंगदोषच होतं का, याबद्दल नंतरच्या संशोधकांनी शंका घेतली आहे. पण त्यातून आलेलं शहाणपण खोटं नाही. जिथे रंगावर जीव अवलंबून आहे, तिथे रंग तपासा.

गंमत म्हणजे हे सगळ्यात नीट समजलेलं खातंही रेल्वेच आहे. तिथे पदांचे वैद्यकीय वर्ग पाडलेले आहेत. गाडी चालवणाऱ्यांचा ए-१, आणि तिथून खाली सी-२ पर्यंत. ए वर्गांना रंगदृष्टी लागते, सी वर्गांना लागत नाही. म्हणजे कामाकडे पाहून अट ठरवता येते. ते अशक्य नाही, महागही नाही. मग बाकीच्यांनी काय घोडं मारलंय?

माझा आक्षेप त्या अटींवर आहे ज्यांच्यामागे काम नाही, फक्त सवय आहे. अमुक पदाला रंगदृष्टी का हवी, असं विचारलं की उत्तर येतं, "नियमात आहे." नियमात का आहे, तर "आधीपासून आहे." या पदावरचा माणूस दिवसभरात नेमका कुठे लाल-हिरव्यात चुकला तर कुणाचं काय नुकसान होईल, हे कुणीतरी बसून कधी लिहिलंय का? लिहिलं असेल तर दाखवा, मी गप्प बसतो.

पुण्यातली गोष्ट

असा प्रश्न एकाने पार शेवटपर्यंत विचारला, आणि तो महाराष्ट्रातल्याच एका संस्थेला विचारला. २०१५ मध्ये पाटण्याच्या आशुतोष कुमारची पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये चित्रपट संकलनाच्या अभ्यासक्रमासाठी निवड झाली. वैद्यकीय तपासणीत रंगदोष निघाला आणि प्रवेश नाकारला गेला. मुंबई उच्च न्यायालयाने याचिका फेटाळली. तो सर्वोच्च न्यायालयात गेला.

न्यायालयाने एक साधी गोष्ट केली. डॉक्टरच्या शिक्क्यावर न थांबता एक समिती नेमली आणि तिच्यात नेत्रतज्ज्ञासोबत प्रत्यक्ष सिनेमात काम करणारी माणसं बसवली: संकलक, छायाचित्रकार, रंगसंस्करण करणारा. काम जाणणाऱ्यांनी सांगितलं की सिनेमा ही अनेकांनी मिळून करायची कला आहे आणि रंगदोषाची अडचण सहकाऱ्याच्या मदतीने ओलांडता येते. एप्रिल २०२२ मध्ये न्यायमूर्ती संजय किशन कौल आणि न्यायमूर्ती एम. एम. सुंदरेश यांच्या खंडपीठाने संस्थेला सांगितलं: रंगदोष आहे म्हणून कुठल्याही अभ्यासक्रमाचं दार बंद करू नका.

२०१५ ते २०२२. सात वर्षं. निकाल चांगला लागला म्हणून मला आनंद आहे. पण एवढं साधं कळायला सात वर्षं आणि देशाचं सर्वोच्च न्यायालय लागत असेल, तर करडीच्या पोराने काय करायचं?

हा एकच खटला नाही. त्रिपुरातल्या प्रणयकुमार पोद्दारला रंगदोषामुळे एमबीबीएसचा प्रवेश मिळेना. तेही प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि २०१७ मध्ये न्यायालयाने ही बंदी तज्ज्ञांकडून नव्याने तपासून घेतली. तामिळनाडूच्या वीज महामंडळात सहायक अभियंत्याची नेमणूक रंगदोषामुळे अडली, तिथे २०२३ मध्ये न्यायालयाने उमेदवाराच्या बाजूने निकाल दिला. २०२५ मध्ये तेलंगणाच्या परिवहन महामंडळातल्या एका चालकाला पर्यायी काम द्या असं सांगितलं. प्रत्येक वेळी एक माणूस, एक वकील, काही वर्षं आणि एक दार. पुढच्या माणसाला पुन्हा पहिल्यापासून.

असं का होतं? कारण आम्ही कायद्याच्या फटीत पडलो आहोत. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात अपंगत्वाचे २१ प्रकार आहेत. रंगदोष त्यात नाही. म्हणजे राखीव जागा, सवलत, वयाची सूट यातलं काही नाही. असं काही मिळावं अशी माझी मागणीही नाही, ज्यांना त्याची खरी गरज आहे त्यांच्या ताटातलं मला नको. पण हिशोब बघा. मागायला गेलो तर तू अपंग नाहीस. कामाला गेलो तर तू सक्षम नाहीस. मग आम्ही नेमके कोण?

त्यात शब्द बघा: 'रंगांधळा'. मी आंधळा कुठे आहे? मला निळं दिसतं, पिवळं दिसतं, वैनगंगेवरची संध्याकाळ दिसते. जगात सगळं काळं-पांढरं दिसणारी माणसं फार थोडी असतात, त्यांचा आजार वेगळा. पण या एका शब्दाने लोकांना वाटतं की आमच्या डोळ्यांपुढे जुना ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही चालू आहे. मग लग्नाच्या बोलणीतही हा शब्द लपवावा लागतो. मी या लेखात 'रंगदोष' लिहितोय. तोही काही फार प्रेमळ शब्द नाही, पण निदान खोटा नाही.

पाठ करून पास होणारे

चुकीची अट चुकीचे रस्ते तयार करते. आमच्याकडे भरतीच्या पोरांमध्ये त्या पुस्तकाची पीडीएफ फिरते. बारा, आठ, सहा, एकोणतीस, सत्तावन्न... पाढ्यासारखं पाठ करतात. मलाही एकाने सांगितलं होतं, "पाठ करून घे, काही होत नाही." मी नाही केलं. प्रामाणिक होतो म्हणून नाही, आपल्याला असं काही असेल असं वाटलंच नव्हतं म्हणून.

आता विचार करा. जिथे रंगदृष्टीची खरंच गरज आहे, त्या जागी पाठांतराने पास झालेला माणूस बसला तर? प्रामाणिक पोरगा बाहेर आणि पाठ केलेला आत, अशी ही चाचणी. सुरक्षेचं नाव घेऊन जे पुस्तक पुढे करतात, त्यांनी सुरक्षेसाठी तरी दुसरी चाचणी ठेवायला हवी.

दुसरा धंदा चष्म्यांचा. रील्समध्ये तुम्ही पाहिलं असेल: कुणीतरी चष्मा घालतो, आकाशाकडे पाहतो आणि रडायला लागतो. ते चष्मे प्रकाशातला काही भाग गाळतात, त्यामुळे काही रंगांतला फरक काही लोकांना जास्त जाणवतो. डोळ्यात जी पेशी नाही ती चष्मा आणून देत नाही. जन्मजात रंगदोषावर आज दवाखान्यात मिळणारा सिद्ध इलाज नाही. तसं सांगून पैसे मागणाऱ्याला दारातून परत पाठवा.

आणि हो, तुम्ही हे फोनवर वाचताय. लेख संपल्यावर यातले पुष्कळजण ठिपक्यांची चित्रं शोधतील. शोधा. पण स्क्रीनचा उजेड, रात्रीचा पिवळा फिल्टर, कुणीतरी दहा वेळा फॉरवर्ड केलेलं चित्र, या सगळ्यांत रंग बदलतात. फोनवर अडखळलात तर घाबरू नका, पास झालात तर निश्चिंत होऊ नका. डोळ्याच्या डॉक्टरकडे जा आणि छापील पुस्तक मागा.

माझा भाचा

जनुकांचा हिशोब मी वर सांगितला. तो कळल्यावर मला पहिली आठवण झाली ती ताईची. तिच्याकडेही हे जनुक असू शकतं, तिला काही त्रास नसताना. आणि तिचा मुलगा आठवीत आहे. त्याचे बाबा त्याला लहानपणी तुमसर रोडच्या स्टेशनवर गाड्या दाखवायला न्यायचे. त्याला इंजिन चालवायचं आहे. दुसरं काही नाही.

मी ताईला म्हणालो, तपासून घेऊ. ती चिडली. "त्याच्या डोक्यात कायले भरतोस आतापासून?" तिचं बरोबर होतं आणि चूकही होतं. शेवटी एका रविवारी मी त्याला भंडाऱ्याला घेऊन गेलो. खिडकीजवळ बसवून डॉक्टरांनी पुस्तक उघडलं. पहिल्या पानावर तो म्हणाला, "बारा." दुसऱ्या पानावर मी श्वास रोखला. तो म्हणाला, "तीन."

परतीच्या एसटीत तो काही बोलला नाही. घरी आल्यावरही दोन दिवस नाही. तिसऱ्या दिवशी वही घेऊन माझ्याकडे आला. "मामा, मग काय-काय होता येते?" आम्ही रेल्वेचीच जुनी जाहिरात उघडली आणि प्रत्येक पदापुढचा वैद्यकीय वर्ग बघत गेलो. ज्यापुढे सी होतं ते त्याने वहीत उतरवलं. मग इतर खात्यांच्या जाहिराती काढल्या. काहींत अट स्पष्ट होती. काहींत "वैद्यकीयदृष्ट्या पात्र असावा" एवढंच. पात्र म्हणजे काय, ते त्या पानावर कुठेच नव्हतं.

तो दोन दिवस गप्प होता, त्याबद्दल मला वाईट वाटतं. पण तो आठवीत गप्प झाला. मी बावीसाव्या वर्षी झालो, पेढे वाटून झाल्यावर.

इशिहारांच्या जपानमध्ये काय झालं तेही सांगतो. तिथे पूर्वी शाळेत सक्तीने ही चाचणी व्हायची, आणि त्यावरून मुलांना चिडवणं, महाविद्यालयांनी आणि कंपन्यांनी नाकारणं असं बरंच झालं. म्हणून २००१ मध्ये नोकरीत घेतानाची सक्तीची रंगचाचणी काढली आणि २००३ पासून शाळेतली सक्तीही गेली. काही वर्षांनी उलटी तक्रार सुरू झाली: मुलांना आपला दोष नोकरीच्या दारातच कळतो. २०१४ मध्ये सरकारने शाळांना पुन्हा सांगितलं की पालकांच्या संमतीने चाचणी उपलब्ध ठेवा. ज्या देशाने पुस्तक बनवलं तो देश दोन्ही बाजूंनी ठेचकाळून इथवर आला. चाचणी लवकर करा, आणि तिच्या जोरावर सरसकट दारं बंद करू नका. आपण मात्र नेमकं उलटं करतो. लवकर करत नाही, आणि दार मात्र बंद करतो.

म्हणून मागणी

माझं म्हणणं चार वाक्यांत आहे.

सातवी-आठवीत प्रत्येक मुलाची रंगदृष्टी तपासा, आणि निकाल वर्गात न ओरडता त्याच्या घरी सांगा. माझ्या शाळेत डोळे तपासायला माणसं आली होती, त्यांच्याकडे अक्षरांचा तक्ता होता, ठिपक्यांचं पुस्तक नव्हतं.

जाहिरातीत पदापुढे रंगदृष्टीची अट स्पष्ट लिहा, आणि जिथे ती आहे तिथे हे तपासणं मैदानाच्या आधी घ्या, यादी लागल्यावर नाही. तीन मिनिटांचं काम आहे, ते पहिल्या दिवशी होऊ शकतं.

पुस्तकात नापास झालेल्याला कंदील चाचणी किंवा त्या कामाशी जुळणारी दुसरी चाचणी द्या. फेरतपासणी म्हणजे तेच पुस्तक पुन्हा दाखवणं नव्हे.

आणि ज्या पदाला ही अट ठेवली आहे, तिथे ती का आहे ते लिहून द्या. लिहिता आलं नाही तर अट काढा.

यातली शेवटची तीन कामं मुंबई-दिल्लीत बसलेल्यांची आहेत. पहिलं मात्र करडीतही होऊ शकतं. ठिपक्यांचं एक पुस्तक दिवाळीनंतरच्या मंडईत नाटकासाठी आम्ही जी वर्गणी काढतो, तिच्या कोपऱ्यातून निघेल. पुढच्या ग्रामसभेत मी हा विषय मांडणार आहे. पुस्तक शाळेत राहील, मिटून, कपाटात, उन्हापासून लांब. वर्षातून एका सकाळी खिडकीजवळ एक बाक ठेवायचा, डोळ्याच्या डॉक्टरांना बोलवायचं आणि आठवीच्या पोरांना एकेक करून आत घ्यायचं. ज्याला दुसऱ्या पानावर तीन दिसेल, त्याच्याशी नंतर बसून बोलायला मी येईन. वही भाच्याकडे आहे, ती घेऊन येईन.